काहीही बोल, तुझ्या भाषेत

वॉटर्लू स्टेशन गेलं, लंडनचं नव्हे, न्यूझीलंडमधलं, आणि शेजारच्या मुलीनं पिशवीतून बामची डबी काढली. करंगळीनं बाम घेतला, नाकाखाली फिरवला आणि बसलेल्या आवाजात मला 'सॉरी' म्हणाली. तिला सर्दी झाली होती, तिचा काय दोष. पण तो वास आला आणि सकाळचे पोहे माझ्या घशाशी आले. तीन स्टेशनं मी नाक दाबून काढली, चौथ्याला उतरलो. टायटा होतं. मला जायचं होतं अप्पर हटला, अजून सात स्टेशनं पुढं. प्लॅटफॉर्मवर वारा असा की टोपी धरायची की पोट धरायचं ते कळेना. शहात्तर वर्षांचा माणूस बाकावर वाकून बसला की इथं लोक लगेच विचारतात. पिवळं जाकीट घातलेला एक कामगार आला, 'यू ओके, मेट?' म्हणाला. 'ऑल गुड,' मी म्हटलं, आणि तेसुद्धा कसं, तर खर्जात, किंचित हसून, दोन भुवया वर करून. चाळीस वर्षांची सवय. ओकारी आली तरी आधी चेहरा लावायचा. तो गेला आणि मी चेहरा काढून ठेवला. मेंथॉल म्हटलं की मला शिसारी येते. घरात सगळ्यांना वाटतं मला त्याची अॅलर्जी आहे. कांचनलाही तसंच सांगितलं होतं, आणि ती नर्स असूनही तिनं एकदाही विचारलं नाही की कसली रे ही अॅलर्जी. बाम, मलम, पेपरमिंटच्या गोळ्या, काही म्हणून कधी घरात आलं नाही. निवेदिता लहानपणी शेंबडानं बेजार झाली की कांचन तव्यावर ओवा भाजायची, फडक्यात पुरचुंडी बांधायची आणि तिची छाती शेकायची. सगळं घर ओव्यानं भरून जायचं. मी वर्तमानपत्र वाचत बसायचो.

वेलिंग्टनला गेलो होतो ऑडिशनला. आता ऑडिशन म्हणजे कसली, म्हाताऱ्यांच्या वसाहतीची जाहिरात. एक चिनी आजी, एक सामोआचे आजोबा, एक गोरं जोडपं आणि एक आपल्यातला. आपल्यातला म्हणजे नेमका कुठला ते कुणालाच माहीत नसतं, आणि मीही आता विचारत नाही. भिंतीला निळा कागद, समोर फोन लावलेली तिकाटणी, आणि मागं पंचविशीतली एक पोरगी. पायांत जांडल्स, म्हणजे आपल्या स्लिपर. ऑफिसात स्लिपर घालून बसतात इथं, आणि त्याचं कुणाला काही नाही. तिनं माझ्याकडून दोनदा हसून घेतलं, एकदा मान डोलावून घेतली. मग खूश होऊन म्हणाली, 'स्वीट अ‍ॅज, सिड. आता शेवटी नातवंडाला काहीतरी म्हणा ना. तुमच्या भाषेत. काहीही चालेल, कुणाला कळणार नाहीये.' गोड होती, मनात काही नव्हतं तिच्या. पण हेच वाक्य, याच सुरात, मी लंडनमध्ये, मँचेस्टरमध्ये, एकदा तर येमेन म्हणून उभ्या केलेल्या स्पेनमधल्या एका खाणीत ऐकलंय. मी कॅमेऱ्याकडे बघून प्रेमळपणे म्हणालो, 'चप्पल तरी बरी घालून ये गं कामावर.' ती म्हणाली, 'ब्यूटिफुल.'

सिड म्हणजे मी. सुधाकर टिपणीस. माझं अख्खं नाव फक्त श्रेयनामावलीत यायचं, तेही खालून चौथं-पाचवं, आणि तोवर लोक उठून चहा टाकायला गेलेले असायचे. एकविसाव्या वर्षी लंडनला आलो, टपालखात्यात पत्रं लावली, संध्याकाळी हौशी नाटकं केली, आणि कलाकारांच्या युनियनचं कार्ड मिळालं तेव्हा पेढे वाटले. पेढे वाटले, हे आता आठवलं तरी लाज वाटते. त्यानंतर चौतीस वर्षं मी काय केलं? दुकानदार झालो. कोपऱ्यावरचं दुकान, गल्ल्यामागं मी, दार उघडतं, नायक आत येतो, सिगारेट घेतो, मी म्हणतो, 'नाही साहेब, काल रात्री मी काहीच पाहिलं नाही.' इथं न्यूझीलंडमध्ये अशा दुकानाला डेअरी म्हणतात. आमच्या रस्त्याच्या टोकाला आहे, सुरतेचा एक माणूस चालवतो. त्याच्याकडे दूध आणायला गेलो की मला वाटतं हा मीच आहे आणि आता याला गोळी लागणार. मिनीकॅबचा ड्रायव्हर झालो. मुलीचं लग्न जबरदस्तीनं लावणारा बाप तर पाच वेळा झालो, पाचही वेळा त्याच मिशा. पुढं जग बदललं तसा बॉम्ब फोडणाऱ्या पोराचा बाप झालो. सतरा वेळा मेलो, त्यांत एकदाच नायकाच्या मांडीवर. आणि डॉक्टर. डॉक्टर झालो की कांचन म्हणायची, चला, बढती मिळाली. अकरा मालिकांमध्ये मी पांढरा कोट घालून दारातून बाहेर आलोय आणि नायक-नायिकेला सांगितलंय, 'आय अॅम सॉरी. आम्ही शक्य ते सगळं केलं.' खालचा ओठ किंचित आत घ्यायचा, नजर त्यांच्या खांद्यावर ठेवायची, डोळ्यांत बघायचं नाही. जमलं होतं मला ते. ज्या दिवशी खराखुरा डॉक्टर ईलिंगच्या हॉस्पिटलात कांचनला हेच सांगत होता, त्या दिवशी मी मँचेस्टरला होतो. टॅक्सीत बसून दोन वाक्यं म्हणायची होती. 'कुठं जायचं?' आणि 'इथंच सोडू?'

टायटाच्या बाकावर मला त्या गोष्टीपाशी यायचं नव्हतं. पण ती समोर येऊन बसली होती. आणि तेवढ्यात फोन वाजला. मोरेश्वर कारखानीस. इथल्या मराठी मंडळाचे अध्यक्ष, कौन्सिलातून निवृत्त झालेले इंजिनिअर, भाषणाच्या आधी घसा खाकरायचा म्हणून रोजच खाकरणारे. 'अहो टिपणीससाहेब,' ते म्हणाले, 'शनिवारच्या तुमच्या सत्काराचं सगळं झकास जमलंय बरं का. हॉल मिळाला, फराळ ठरला, श्रीफळ, शाल, मानपत्र. आणि तुमच्या नातीनं तर कमालच केली. व्हिडिओची यादी धाडली मला. बावीस प्रसंग, अहो. आणि शेवट तो मुडदाघरातला. मी तो एकदा पाहिलाय कुठंतरी तुकड्यात, तेव्हाच म्हटलं, हा आपला माणूस. काय रडलायत तुम्ही. आणि तेही मराठीत, राव. साहेबाच्या टीव्हीवर मराठीत रडणारा पहिला माणूस तुम्ही.' मी म्हटलं, 'मोरेश्वरराव, तो प्रसंग काढायला सांगा.' ते हसले. 'विनय हो. विनय. थोरामोठ्यांचा हा असतोच. तो काढला तर उरलं काय, सांगा बरं?' बोलले ते खरंच बोलले. हातच्या कांकणाला आरसा कशाला. चौतीस वर्षांतून ती दीड मिनिटं काढली तर दुकानदाराच्या मिशा उरतात फक्त.

त्यांनी तुकडा पाहिला होता आणि शब्द ऐकले नव्हते. लोक रडणाऱ्या माणसाचे शब्द ऐकत नाहीत. शनिवारी मात्र मोठा पडदा असणार, चांगले स्पीकर असणार, आणि समोर दीडशे मराठी माणसं. पुढच्या रांगेत निवेदिता, माझी मुलगी, इथल्या दवाखान्यातली डॉक्टर, जिला अख्खं अप्पर हट ओळखतं. तिच्या आईबद्दल तिचा बाप त्या पडद्यावर काय म्हणाला ते तिला ऐकू येणार. पुढची गाडी आली. मी चढलो. डब्यात कोण बाम लावून बसलंय का ते आधी हुंगून घेतलं.

मराठीत बोलायची ती गोष्ट गंमत म्हणून सुरू झाली होती, हे कुणाला सांगितलं तर पटणार नाही. संहितेत लिहिलेलं असायचं, 'म्हातारा आपल्या भाषेत पुटपुटतो.' काय पुटपुटतो ते लिहिण्याचे कष्ट कुणी घेत नसे. म्हणून पहिल्यांदा मी पठाण झालो आणि जपमाळ ओढत पावकी-निमकी म्हटली. एक पाव पाव, दोन पाव अर्धा. दिग्दर्शक म्हणाला, काय गांभीर्य आहे. रविवारी रात्री नऊला तो भाग लागला आणि आमच्या दोन खोल्यांत कांचन सोफ्यावरून खाली घसरली हसताना. 'अरे, पाढे म्हणतोस तू,' म्हणाली. झालं. मग ते आमचं ठरूनच गेलं. कुठं मी मशिदीत भाजीची यादी म्हणायचो, कोथिंबीर, आलं, अर्धा किलो भेंडी. कुठं साधू होऊन दिग्दर्शकाला टकल्या, डुकरा, कंजूस असं हात जोडून म्हणायचो. एकदा फाशी जाताना तिला सांगितलं होतं की गॅसचं बिल भरायचं राहिलंय. साडेपाच कोटींच्या देशात मला ऐकणारी एक बाई होती. ती ड्यूटी बदलून घ्यायची रविवारची, पदराला हात पुसत टीव्हीसमोर येऊन बसायची आणि बाकीच्या मालिकेकडे ढुंकूनही बघायची नाही. 'तुझं मराठी कधी येणार तेवढं सांग,' म्हणायची. मी प्रेमपत्रं कधी लिहिली नाहीत. हीच माझी प्रेमपत्रं, म्हणायचं झालं तर. आणि म्हणूनच मला शनिवारच्या त्या गोष्टीची किळस येते. मी काय बोललो याची तर येतेच. पण मला ठाऊक होतं की ती ऐकणार आहे. सगळ्या इंग्लंडात तीच एक ऐकणार आहे.

नोव्हेंबरात मूल गेलं. सातवा महिना होता, मुलगा होता. वॉर्डात दोन नर्सेस आजारी होत्या म्हणून तिनं जादा पाळी घेतली होती, मी नको म्हटलं होतं, तेही फोनवर, तेही कसं, तर चहा पिता पिता. पुढं डॉक्टर म्हणाला की पाळीचा आणि याचा काही संबंध नाही, असं होतं कधीकधी. मी ऐकलं आणि ऐकलं नाही. कांचन रडली नाही. घरी आली, कपाटातली लहान झबली एका पिशवीत भरली, पिशवी कुठं ठेवली ते मला आजतागायत माहीत नाही. मीही रडलो नाही, पण माझं मी मनात धरत नव्हतो, तिचं धरत होतो. ही बाई रडत कशी नाही, हे माझ्या डोक्यात दहा आठवडे कुरतडत होतं. आणि जानेवारीत ती मालिका आली. पोलिसांची. मी दुकानदार, नेहमीसारखाच, पण या खेपेला माझा मुलगा मारला गेलेला. मुडदाघर. टेबलावर पांढऱ्या चादरीखाली एक जिवंत पोरगा, त्याला सारखं शिंकायला येत होतं. संहितेत एकच ओळ. बाप मुलाच्या प्रेतावर आक्रोश करतो. दिग्दर्शक घड्याळ बघत म्हणाला, 'सिड, तुझ्या भाषेत काहीही बोल. फक्त रड.'

मला रडू येईना. खरं मूल गेलेला माणूस खोट्या मुलासमोर उभा, आणि डोळे कोरडे ठणठणीत. पहिला टेक वाया. दुसरा वाया. मी काय म्हणत होतो, तर देवा रे, बाळा रे, असलं नाटकी काहीतरी. दिग्दर्शक म्हणाला की चारला ही खोली सोडायचीय. मग वेंडी आली, मेकअपवाली, मेंथॉलची कांडी घेऊन. लिपस्टिकसारखी असते ती. डोळ्याखाली एक रेघ इकडं, एक रेघ तिकडं, आणि म्हणाली, 'डोळे मिटू नकोस, लव्ह, वाफ आत जाऊ दे.' जळजळलं, नाक वाहायला लागलं, पाणी यायला लागलं. कुणीतरी 'अॅक्शन' म्हणालं आणि त्या वाफेत माझ्या तोंडून आलं ते आलं. 'तुझ्या आईनं घालवलं तुला,' मी म्हणालो. 'सांगत होतो, नको जाऊ. ऐकलं नाही तिनं. वॉर्ड महत्त्वाचा तिला. आणि बघ, टिपूस नाही तिच्या डोळ्यात. दगड आहे दगड. कांचन, तू घालवलंस त्याला.' नावानिशी म्हणालो. मग मी चादरीत तोंड खुपसलं.  टेबलावरचा पोरगा शिंकायचा थांबला. दिग्दर्शकानं येऊन माझा खांदा दाबला. वेंडी रडत होती, आणि ती काही कांडी लावून रडत नव्हती.

आणि मग काय झालं? मग मला भाव आला. एका वर्तमानपत्रात दोन ओळी छापून आल्या, छोट्या भूमिकेतलं मोठं दुःख, असलं काहीतरी. माझ्या एजंटानं तो तुकडा कापून घेतला आणि तीस वर्षं जिथंतिथं दाखवला. बॉम्बवाल्या पोरांचे बाप मला त्याच तुकड्यावर मिळाले. माणूस आपल्या मेलेल्या पोराचं असं काही करतो, आणि वर म्हणतो मी कलाकार. थू. ज्या रविवारी तो भाग लागला त्या रविवारीही कांचननं ड्यूटी बदलून घेतली होती. मी तिला सांगू शकलो असतो, आज नको बघू. सांगितलं नाही. मी खुर्चीत बसलो आणि टीव्हीकडे न बघता तिच्याकडे बघत होतो. तिचं नाव टीव्हीतून आलं तेव्हा तिच्या हातात तोंडली चिरायची सुरी होती. सुरी थांबली. माझं रडणं संपेपर्यंत ती पडद्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, 'तोंडल्याची भाजी करतेय, चालेल ना?' मी म्हटलं, चालेल. त्यानंतर चौतीस वर्षं ती जगली, त्या गोष्टीबद्दल एक अक्षर बोलली नाही. माझ्या कामाला नावंही ठेवली नाहीत. फक्त पुढं कधी मी पडद्यावर मराठीत काही विनोद केला तर ती हसायची नाही, नुसती मान हलवायची. मग मीही ते बंद केलं. प्रार्थना आली की मी खरीच प्रार्थना म्हणायला लागलो.

ती गेल्यावर निवेदितानं मला इकडं आणलं. इथंही मी उभा राहिलोय कॅमेऱ्यासमोर, आजची ऑडिशन धरून दोनदा. पहिल्यांदा कुठल्याशा राक्षसांच्या मालिकेत, म्हातारा क्रमांक तीन. पहाटे चारला चेहऱ्यावर रबर चिकटवायचे, कान लावायचे, आणि संध्याकाळी ते सोलून काढताना माझी कातडी निघतेय की त्याची ते कळायचं नाही. घरी आलो की इराला फार अप्रूप. पोरगी चौदा वर्षांची आहे, शाळेत नाटक शिकते, मराठी सगळं कळतं, पण उत्तर इंग्रजीत. 'आजोबा, दॅट्स हेप्स कूल,' म्हणते, म्हणजे फारच भारी. तिचा बाप पुण्याचा, तो तिला सारखा सांगतो मराठीत बोल, मराठीत बोल. मला वाटतं, नको बोलू बाई. त्या भाषेत तुझ्या आजोबानं काय बोलून ठेवलंय ते तुला कळायला नको.

स्टेशनवरून घरी चालत गेलो. कोवायच्या झाडांची पिवळी फुलं वाऱ्यानं सगळ्या फुटपाथभर झाली होती, बुटांना चिकटत होती. ठरवलं की इराला गोडीनं सांगायचं, तो तुकडा काढ. आजोबांना आवडत नाही म्हणायचं. ऐकेल ती. दार उघडलं तर ती स्वयंपाकघरातल्या टेबलाशी लॅपटॉप घेऊन बसलेली आणि पडद्यावर मी. थांबवलेला. तोंड उघडं, डोळ्यांतून धारा, पस्तिशीतला, केस काळे, ओळखू न येण्यासारखा.  'किया ओरा, आजोबा,' ती इथला माओरी नमस्कार घालत म्हणाली. 'गुड, यू आर होम. आय नीड यू.' मंडळातल्या लहान मुलांना मराठी येत नाही म्हणून तिनं खाली इंग्रजी अक्षरं द्यायचं ठरवलं होतं. बाकीचं तिला जमलं होतं, हेच अडत होतं. 'इट्स टू फास्ट. तुझ्या आईनं, देन समथिंग, देन नको जाऊ. व्हॉट आर यू सेइंग हिअर?'

मी खुर्ची ओढली. घसा साफ केला. आणि सांगतो, मला एक क्षणही लागला नाही. 'मी म्हणतोय,' मी म्हणालो, 'तुझ्या आईला काय सांगू मी. बाळा, परत ये. तुझी आई वाट बघतेय.' खोटं इतकं घोटीव आलं की मला माझीच दाद द्यावीशी वाटली. इरानं टाइप करायला घेतलं. मुलांचं भागलं असतं तेवढ्यावर. मोठ्यांचं काय करणार होतो, ते मला ठाऊक नव्हतं. म्हणून मी पुढं म्हटलं, 'पण इरा, हा तुकडा नको घेऊस. जुनाट आहे. भडक आहे.' ती म्हणाली, 'नो वे, आजोबा. इट्स द बेस्ट बिट.' आणि मागून आवाज आला, 'तो तसं म्हणत नाहीये, इरा.'

निवेदिता दवाखान्यातून आलेली. गळ्यात अजून ओळखपत्र, हातात जेवणाचा डबा. ती ओट्याशी गेली, डबा धुवायला टाकला, नळ बंद केला. मग पाठमोरीच म्हणाली, 'लिही. युअर मदर लॉस्ट यू. आय टोल्ड हर नॉट टू गो, शी डिडन्ट लिसन.' एकेक वाक्य सांगत गेली, न चुकता, न अडखळता, पाठ असलेलं. टिपूस आलं, दगड आला. 'आणि शेवटी नाव आहे,' म्हणाली. 'कांचन. ते तसंच लिही.' इराची बोटं थांबली. 'आजी?' तिनं विचारलं, आणि मग आयुष्यात पहिल्यांदा मला तिचं मराठी अख्खं ऐकू आलं. 'आजीला का असं म्हणता तुम्ही?' मी टेबलावरच्या फळांकडे बघत होतो. संत्री होती का, किवी होती, काय होतं. निवेदिता म्हणाली, 'माझ्याआधी एक भाऊ होता मला. तुझा मामा. जन्मायच्या आधीच गेला. बाबा त्याच्यासाठी बोलतोय ते.'

मला वाटलं आता ती मला फाडून खाणार. खरं सांगायचं तर मला ते हवं होतं. चाळीस वर्षं कुणीतरी थोबाडीत मारेल म्हणून गाल पुढं करून बसलो होतो मी. पण ती येऊन समोर बसली. केस बांधताना कांचन जशी दातांत पिन धरायची तशी धरून बोलत होती, म्हणून शब्द बोबडे येत होते. 'मला माहीत होतं, बाबा. लहानपणापासून. तू समजतोस मला माहीत नाही. दर नोव्हेंबरात आई ती टेप लावायची. तू कुठंतरी शूटिंगला असायचास. मी शाळेतून यायची तर टीव्हीवर तू असायचास, रडताना. एकदा विचारलं तिला, हे कशाला बघतेस, किती घाणेरडं बोलतोय तो तुला. मला तुझा इतका राग यायचा ना, बाबा. पंधरा-सोळाची असताना मी ती टेप फेकून द्यायला निघाले होते. तिनं हातातून काढून घेतली.'

मी विचारलं, 'काय म्हणाली?' निवेदिता सांगू लागली. 'म्हणाली, बोलू दे गं त्याला काय बोलायचं ते. तेव्हा मला रडता येत नव्हतं. त्या लेकरासाठी या जगात रडलं कोण, तर हा. तोही एकटा असता तर रडला नसता, कॅमेरा होता म्हणून रडला. पण रडला ना. म्हणाली, माझ्या पोराचं तेवढंच काय ते झालं. ना बारसं, ना दिवस, काहीच नाही. हे आहे फक्त.' निवेदितानं पिन केसांत खोचली. 'शेवटी हॉस्पिटलात मला म्हणाली, ती टेप तेवढी कॉम्प्युटरवर घालून ठेव, खराब होईल. ही तीच आहे. इराला मीच दिली. म्हटलं, एकदा सगळ्यांसमोर लागू दे.'

पडद्यावर पस्तिशीतला मी तोंड उघडं टाकून थांबलेलो होतो. गालावर उजवीकडे कांडीची चकचकीत रेघ थोडी खाली घसरलेली होती, जिथं पाणी पोचलंच नव्हतं. वेंडीचा हात हलला होता तिथं. मला ते दिसत होतं. चौतीस नोव्हेंबर कांचन हे बघत बसली. नर्स होती, डोळ्यांतून पाणी कुठून येतं ते तिला माहीत होतं. दिसलं असेल तिला? दिसून तिनं ठेवलं असेल बाजूला, ओव्याच्या पुरचुंडीसारखं, काही न विचारता? मला तेव्हा स्वतःची अशी किळस आली की घाणेरड्या चिंधीसारखं स्वतःला चिमटीत धरून बाहेर टाकून यावं. ती बाई एका मलमानं काढलेल्या पाण्यावर आपल्या पोराचे दिवस घालत बसली.

 इरानं डोळे पुसले, मग चित्र मोठं केलं, आणखी मोठं केलं, माझा गाल सगळ्या पडद्याभर झाला. शाळेत नाटक शिकणारी पोरगी, तिला दिसायचंच. बोट त्या रेघेवर ठेवून ती म्हणाली, 'आजोबा, ड्रामाच्या मिस विनयानं आम्हांला दाखवलं होतं. अॅक्टर्स एक स्टिक लावतात, मेंथॉलची. हे तसं आहे का? की तुम्ही खरंच रडलात?'

निवेदिता माझ्याकडे बघत होती. फळं तिथंच होती, नळातून थेंब गळत होता.  नजर खाली नेली, टेबलावर, मग सावकाश वर आणली, तिच्या खांद्यावर नाही, या खेपेला सरळ डोळ्यांत. 'नाही गं,' मी म्हणालो. 'स्टिक कसली. खरंच रडलो होतो.' आवाज जिथं फाटायला हवा होता तिथंच फाटला. निवेदितानं माझ्या हातावर हात ठेवला आणि मान खाली घातली. इरानं चित्र लहान केलं, खाली अक्षरं बसवली आणि सेव्ह केलं. दुसरा टेक लागला नाही.